फोटो कुठे आहे आणि कितवा आहे

साताऱ्यात एक लग्न झालं असं धरू. नवरीच्या बहिणीच्या फोनमध्ये चारएकशे फोटो, मामांच्या फोनमध्ये दीडशे, फोटोग्राफरच्या कॅमेऱ्यांतून उतरवलेले दोनेक हजार, शिवाय पाहुण्यांनी व्हॉट्सॲपवर पाठवलेले. हे सगळे अल्बमच्या एका ॲपमध्ये घातले. घरच्यांची अपेक्षा साधी: हळद, सीमांतपूजन, मंगलाष्टकं, सप्तपदी, पंगत या क्रमाने फोटो दिसावेत. ॲप उघडलं तर सर्वांत आधी पंगत, हळद पार शेवटी, आणि दुसऱ्या दिवशी निम्म्या चौकटी नुसत्या राखाडी.

यात दोन वेगळे घोळ आहेत. फोटो कुठे आहे हे ॲपला कसं कळतं, हा एक प्रश्न. तो कितवा आहे हे कशावरून ठरवायचं, हा दुसरा. ॲप लिहिणारे बरेचदा पहिल्याच्या उत्तरातून दुसऱ्याचं उत्तर काढायला जातात आणि तिथेच फसतात.

पहिल्यापासून सुरुवात करू. गॅलरीतून फोटो निवडला की तो ॲपच्या हाती येतो असं आपल्याला वाटतं. अँड्रॉइडवर ॲपच्या हाती येते एक ओळ, तिला यूआरआय म्हणतात. तिची सर्वसाधारण रचना आरएफसी ३९८६ या २००५ सालच्या दस्तऐवजात पक्की झाली, आणि टिम बर्नर्स-ली हे त्याचे एक लेखक. फोनमधल्या फोटोची ही ओळ साधारण अशी असते: कंटेंट://मीडिया/एक्स्टर्नल/इमेजेस/मीडिया/१०२४. अर्थात कोडमध्ये ती रोमन लिपीत असते. ‘कंटेंट’ म्हणजे कोणत्या पद्धतीने मागायचं, ‘मीडिया’ म्हणजे कोणाकडे मागायचं, मधला भाग म्हणजे कोणत्या यादीतून, आणि १०२४ हा त्या यादीतला क्रमांक. यात फाइलचं नाव नाही, फोल्डर नाही, तारीख नाही. शेवटी जेपीजी किंवा पीएनजी असंही काही लिहिलेलं नसतं.

देवळाबाहेर चपला ठेवल्यावर मिळणाऱ्या बिल्ल्याचं असंच असतं. त्यावरच्या ४७ या आकड्यावरून चपला कोल्हापुरी आहेत की रबरी, हे कळत नाही. बिल्ला त्याच खिडकीवर चालतो, आणि खिडकी बंद झाली की चालत नाही.

पूर्वी असं नव्हतं. जुन्या अँड्रॉइडवर ॲपना थेट फाइलचा मार्ग मिळायचा: अमुक कार्ड, तमुक फोल्डर, या नावाची फाइल. स्टोरेजची परवानगी एकदा दिली की ते ॲप सगळ्या सामायिक जागेत फिरू शकायचं. टॉर्चच्या ॲपलाही आपल्या आधार कार्डाचा फोटो वाचता यायचा. गूगलने हा दरवाजा टप्प्याटप्प्याने बंद केला. २०१६ च्या अँड्रॉइड ७ पासून, एका ॲपने दुसऱ्याच्या हाती ‘फाइल://’ने सुरू होणारा यूआरआय दिला तर ॲप तिथेच कोसळू लागलं. २०१९ च्या अँड्रॉइड १० मध्ये प्रत्येक ॲपला आपापला कोपरा देण्याची योजना आली, आणि पुढच्या वर्षी अँड्रॉइड ११ ने ती जवळपास सक्तीची केली. २०२२ च्या अँड्रॉइड १३ ने फक्त चित्रांसाठी वेगळी परवानगी आणली, तर १४ ने ‘सगळे नको, एवढेच फोटो दाखव’ हा पर्याय. सोबत फोटो पिकरही आला. त्यात निवडीची खिडकी फोनची असते, ॲपची नसते, म्हणून ॲपला कोणतीही परवानगी मागावी लागत नाही आणि निवडलेले फोटो सोडून बाकी काही दिसतही नाही.

वापरणाऱ्याच्या दृष्टीने हे चांगलंच झालं. ॲप लिहिणाऱ्यांना मात्र सवय मोडवेना. यूआरआयमधून ‘खरा मार्ग’ खणून काढणारा एक कोड वर्षानुवर्षं एका प्रकल्पातून दुसऱ्यात उतरवला जातोय. यूआरआय अमुक खात्याचा असेल तर असं तोडा, तमुक असेल तर तसं. नव्या फोनवर तो कधी चालतो, कधी रिकामा मार्ग देतो, आणि फोटो गूगल ड्राइव्हवर असेल तर फोनमध्ये मार्ग असतोच कुठे? माझं मत स्पष्ट आहे. हा कोड दिसला की काढून टाकावा. यूआरआय तोडून वाचायचा नसतो. ज्याने तो दिला त्यालाच विचारायचं: याचं नाव काय, आकार किती, प्रकार कोणता. आणि फोटो हवा असेल तर त्याच्याकडूनच तो उघडून घ्यायचा. या उत्तर देणाऱ्याला अँड्रॉइडमध्ये कंटेंट प्रोव्हायडर म्हणतात.

आता राखाडी चौकटी. यूआरआयबरोबर मिळालेली परवानगी मुदतीची असते. पिकरमधून आलेल्या फोटोचा प्रवेश साधारणपणे ॲप बंद होईपर्यंत किंवा फोन पुन्हा सुरू होईपर्यंतच टिकतो. ॲपने यूआरआय आपल्या डेटाबेसमध्ये लिहून ठेवला तरी दुसऱ्या दिवशी अक्षरं तीच राहतात, हक्क मात्र गेलेला असतो. यावर उपाय आहे: यूआरआय मिळताच टिकाऊ परवानगी मागून घ्यायची. तिलाही मर्यादा असते. कागदपत्रांच्या पिकरमधून घेतलेल्या टिकाऊ परवानग्या एका ॲपला अँड्रॉइड ११ पासून ५१२ पर्यंत ठेवता येतात, त्याआधी १२८ होत्या. फोटो पिकरसाठी हा आकडा ५,००० आहे. मर्यादा ओलांडली की जुन्या परवानग्या मुकाट्याने गळतात. अडीच हजार फोटोंचं लग्न कागदपत्रांच्या पिकरमधून आत घेतलं, तर सुरुवातीचे फोटो आपोआप आंधळे होणार.

दुसरा मार्ग म्हणजे फोटोची प्रत ॲपच्या स्वतःच्या जागेत करून ठेवणं. जागा जाते, पण निश्चिंती येते. इथे ॲपचं काम काय आहे ते पाहून ठरवावं. बँकेचं केवायसी किंवा विम्याच्या दाव्याचा अर्ज असेल तर निवडताक्षणी लहान केलेली प्रत करावी, कारण अर्ज भरता भरता माणूस गॅलरीतला फोटो पुसूनही टाकतो. अल्बमच्या ॲपने मात्र सगळ्या फोटोंच्या प्रती केल्या तर फोन भरून जाईल.

आयफोनवर हाच धडा वेगळ्या दारातून येतो. तिथे फोटोंच्या संग्रहातल्या प्रत्येक फोटोला एक स्थानिक ओळखखूण असते, ती जपायची. ॲपने स्वतःच्या फोल्डरात प्रत केली असेल तर तिचा पूर्ण मार्ग मात्र लिहून ठेवू नये. त्या मार्गाच्या मध्ये एक लांबलचक ओळखक्रमांक असतो आणि ॲप अद्ययावत झाल्यावर तो बदलू शकतो. फक्त फाइलचं नाव ठेवावं, पुढचा मार्ग दर वेळी नव्याने विचारावा. ‘अपडेट केल्यावर सगळे फोटो गेले’ अशी तक्रार आली की फोटो बहुतेक जागेवरच असतात, ॲप जुन्या घरी शोधत असतं.

आता दुसरा प्रश्न: फोटो कितवा?

सर्वांत सोपा मोह म्हणजे यूआरआयच्या शेवटच्या आकड्यावर क्रम लावणं. १०२४ नंतर १०२५. पण हा आकडा फोटो फोनच्या यादीत केव्हा नोंदला गेला ते सांगतो, काढला केव्हा ते नाही. २०१५ सालच्या फोटोंचं कार्ड आज घातलं तर त्यांना आजचे, मोठे आकडे मिळतील. शिवाय फोनने ती यादी नव्याने बांधली तर सगळेच आकडे बदलतील. पिकरकडून अनेक फोटो एकदम येतात तेव्हाही ते आपण बोट लावलेल्या क्रमानेच येतील याची पूर्वी हमी नव्हती. अलीकडच्या अँड्रॉइडमध्ये तसं मुद्दाम सांगता येतं, आयफोनवर आयओएस १५ पासून.

मग नावावरून लावावं? नाव हे अक्षरांचं असतं, आणि संगणक अक्षरं एकेक करून ताडतो. त्याच्या हिशेबात ‘फोटो १०’ हा ‘फोटो २’च्या आधी येतो, कारण १ हा २ च्या आधी. आकड्यांचा गट आकडा म्हणूनच वाचला तर हे सुटतं. पण कॅमेऱ्यांच्या नावांत आणखी एक मेख आहे. डिजिटल कॅमेऱ्यांच्या फाइलींना नावं कशी द्यायची याचा डीसीएफ नावाचा नियम जपानमध्ये १९९८ मध्ये ठरला. फोनमधलं डीसीआयएम हे फोल्डर तिथूनच आलं. त्या नियमात क्रमांकाला चारच जागा आहेत. ९९९९ झाल्यावर कॅमेरा पुन्हा ०००१ पासून सुरू होतो. लग्नसराईत रोज हजार-दोन हजार फोटो काढणाऱ्याच्या कॅमेऱ्यात हे ऐन मंगलाष्टकांतही घडू शकतं. व्हॉट्सॲपच्या फाइलींच्या नावात तारीख असते हे खरं, पण ती फोटो पाठवल्या-मिळाल्याची. मामांनी लग्नानंतर आठवड्याने फोटो पाठवले तर नावात आठवड्यानंतरची तारीख.

अल्बमना मराठी नावं दिली की आणखी गंमत येते. युनिकोडच्या तक्त्यात ळ हा ल च्या लगेच नंतर बसवलेला आहे, आपल्या वर्णमालेत तो ह नंतर येतो. नुसत्या अक्षरसंकेतांवर क्रम लावला तर ‘हळद’ हा अल्बम ‘हवन’च्या आधी येईल. मराठी शब्दकोशाच्या क्रमाने ‘हवन’ आधी हवा. यासाठी भाषेनुसार क्रम लावणारी साधनं अँड्रॉइडमध्ये आणि आयओएसमध्ये तयार असतात, त्यांना फक्त मराठी म्हणून सांगावं लागतं. सांगत कोणी नाही, ही गोष्ट वेगळी. ‘नवऱ्याकडचे’ या नावातला ऱ युनिकोडमध्ये दोन प्रकारे लिहिता येतो: एकसंध अक्षर म्हणून, किंवा र आणि त्याखाली नुक्ता असा. डोळ्यांना दोन्ही सारखेच, संगणकाला वेगळे. म्हणून एकाच नावाचे दोन अल्बम शेजारी शेजारी दिसू शकतात आणि घरातले सगळे एकमेकांवर संशय घेतात. तुलना करण्याआधी दोन्ही नावं प्रमाणित रूपात आणली की प्रश्न मिटतो. आणि मराठी नाव यूआरआयमध्ये घालायचं झालं तर ते टक्क्याच्या चिन्हांत बदलतं. देवनागरीच्या प्रत्येक अक्षरचिन्हाचे यूटीएफ-८ मध्ये तीन बाइट होतात, प्रत्येक बाइट तीन खुणांनी लिहिला जातो. ‘गणपती’ या एका शब्दाची लांबी त्यामुळे पंचेचाळीस होते. ते पाहून यूआरआय बिघडला असं समजू नये, आणि हौसेने दुसऱ्यांदा तसंच रूपांतर तर मुळीच करू नये.

उरते तारीख. तीच खरी आधाराची, पण फोनकडे एका फोटोच्या तीन तारखा असतात: काढल्याची, यादीत आल्याची आणि बदलल्याची. त्यात पहिली मिलिसेकंदांत मोजलेली आणि उरलेल्या दोन सेकंदांत. तिन्हींची मोजणी १ जानेवारी १९७० पासून. कोणी ठरवून छळायला केलं असावं असं वाटण्याइतकी ही रचना विचित्र आहे. नोव्हेंबर २०२३ च्या मध्याला ही मोजणी १७० कोटी सेकंदांवर पोचली. तो आकडा मिलिसेकंद समजून वाचला तर तारीख निघते २० जानेवारी १९७०. एखाद्या ॲपमध्ये अलीकडचे फोटो ‘जानेवारी १९७०’ या मथळ्याखाली गोळा झालेले दिसले तर कारण जवळजवळ नक्की हेच.

काढल्याची तारीख येते कुठून? कॅमेरा ती फोटोच्या फाइलीतच लिहून ठेवतो, एक्झिफ नावाच्या नोंदीत. ही पद्धतही जपानचीच, १९९५ ची. त्यात वेळ वर्ष, महिना, दिवस, तास, मिनिट, सेकंद अशी लिहिलेली असते, पण कोणत्या देशाची वेळ हे लिहायला बरीच वर्षं जागाच नव्हती. ती २०१६ मधल्या २.३१ या आवृत्तीत मिळाली, आणि आजही सगळे कॅमेरे ती भरत नाहीत. दुबईहून आलेल्या काकांनी कॅमेऱ्याचं घड्याळ तिकडचंच ठेवलं असेल तर त्यांचे फोटो दीड तास मागे पडतील, म्हणजे अक्षता पडण्याच्या आधीच त्यांच्या फोटोत नवरा-नवरी हार घालून बसलेली.

व्हॉट्सॲपवरून फोटो म्हणून पाठवलेल्या चित्रातली ही नोंद वाटेतच पुसली जाते. फोनच्या यादीत काढल्याच्या तारखेचा रकाना मग रिकामा राहू शकतो. अँड्रॉइडची ही यादी एसक्यूलाइट या डेटाबेसमध्ये असते, आणि त्याच्या नियमाने रिकामी जागा कोणत्याही आकड्याहून लहान. जुन्याकडून नव्याकडे क्रम लावला की असे फोटो सगळ्यांच्या आधी येतात. पाहुण्यांनी पाठवलेली पंगत पहिली आली ती यामुळे. रिकाम्या तारखेसाठी काय करायचं हे ॲपने स्वतः ठरवावं. आधी काढल्याची तारीख पाहावी, नसेल तर नावातली, तीही नसेल तर फाइल बदलल्याची. आणि ही तारीख अंदाजाची आहे अशी खूण जवळ ठेवावी. पाहुण्यांना ‘फोटो डॉक्युमेंट म्हणून पाठवा’ असं सांगितलं तर मूळ फाइल जशीच्या तशी येते, नोंदीसकट. सांगून पाहावं.

हळद शेवटी गेली त्याचं कारण वेगळं: हळदीला वापरलेल्या कॅमेऱ्याचं घड्याळ दोन दिवस पुढे. हे कोणत्याही कोडला आपोआप कळणार नाही. पण एकच क्षण दोन कॅमेऱ्यांत सापडला, उदाहरणार्थ नवरीच्या गालाला हळद लागतानाचा, तर दोन वेळांतला फरक काढून त्या कॅमेऱ्याचे सगळे फोटो तेवढे सरकवता येतात. चांगल्या ॲपमध्ये ही सोय असावी, आणि मूळ वेळ न पुसता दुरुस्ती वेगळी साठवावी.

दिवसांनुसार गट पाडतानाही घड्याळ आडवं येतं. फोन आतून जागतिक वेळ मोजतो, भारत तिच्या साडेपाच तास पुढे. जागतिक वेळेवरच दिवस पाडले तर आपल्याकडचे मध्यरात्रीपासून पहाटे साडेपाचपर्यंतचे सगळे फोटो आदल्या दिवसात जातात. पंढरपूरला एकादशीच्या पहाटे काढलेली काकड आरती मग दशमीच्या गटात.

क्रम लावण्याच्या पद्धतीबद्दल थोडं. हजार फोटोंचा क्रम लावायला सुमारे दहा हजार तुलना लागतात. प्रत्येक तुलनेच्या वेळी दोन्ही फाइली उघडून तारीख वाचली तर वीस हजार फाइली उघडल्या जातात आणि ॲप गोठतं. आधी प्रत्येक फोटोची तारीख एकदाच वाचून घ्यावी, मग आकड्यांवर क्रम लावावा. फोनच्या यादीतल्या रकान्यावर क्रम हवा असेल तर यादीलाच लावून द्यायला सांगणं सर्वांत स्वस्त. एकाच सेकंदात टिपलेले पाच-सहा फोटो असतील तर बरोबरी सोडवायला दुसरा निकष हवाच, सेकंदाचा अंश किंवा अगदी यादीतला क्रमांकसुद्धा. नाहीतर पडदा ओढून ताजा केला की फोटो जागा बदलू शकतात, आणि बघणाऱ्याला ॲपचा भरवसा वाटेनासा होतो.

एवढं सगळं करून यूआरआयची यादी तयार झाली, की ती एका पडद्यावरून दुसऱ्याकडे तशीच ढकलू नये. अँड्रॉइडमध्ये या देवाणघेवाणीसाठी प्रत्येक प्रक्रियेला साधारण १ एमबीची जागा मिळते, तीही चालू असलेल्या सगळ्या व्यवहारांत मिळून. काही हजार लांबलचक यूआरआय ती सहज भरून काढतात. यादी डेटाबेसमध्ये ठेवावी आणि पुढे फक्त अल्बमचा क्रमांक द्यावा. फोटो उघडतानाही तेच पथ्य: चार हजार गुणिले तीन हजार बिंदूंचा फोटो मेमरीत पूर्ण उलगडला तर ४८ एमबी घेतो, मग फाइल चारच एमबीची का असेना. जाळीतल्या छोट्या चौकटीसाठी तो लहान करूनच उलगडावा. ग्लाइड किंवा कॉइलसारख्या लायब्ररी हे काम निमूटपणे करतात.

एक फोटो दोनदा दिसणं ही तक्रार इथलीच. तोच फोटो पिकरमधून घेतला तर एक यूआरआय, कागदपत्रांच्या खिडकीतून घेतला तर दुसरा, फोनच्या यादीतून तिसरा. ओळी ताडून पुनरावृत्ती सापडणार नाही. आधी आकार आणि वेळ ताडावी, दोन्ही जुळले तरच फाइलच्या मजकुराचा ठसा काढून पाहावा. उलटही होतं: यूआरआय तोच, पण कोणी फोटो कापून उजळ केलेला. ॲपने जुनी छोटी प्रत जपून ठेवली असेल तर जुनंच चित्र दिसत राहतं, म्हणून जपलेल्या प्रतीसोबत फाइल बदलल्याची वेळही ठेवावी लागते.

शेवटी घरचं कोणीतरी म्हणतं, ‘सप्तपदीचा तो फोटो सगळ्यात पुढे घ्या.’ बोटाने ओढून लावलेला क्रम कोणत्याही तारखेत नसतो, तो ॲपच्या स्वतःच्या रकान्यातच लिहावा लागतो. १, २, ३ असं लिहिण्यापेक्षा १०००, २०००, ३००० असं लिहिलं की मधे एक घुसवताना १५०० देऊन भागतं, मागचे सगळे हलवावे लागत नाहीत. आणि एखादा फोटो यादीत सापडेनासा झाला तर त्याची ओळ लगेच पुसू नये. अँड्रॉइड ११ पासून ॲपना फोटो कचरापेटीत टाकायची सोय आहे. तिथे तो साधारणपणे ३० दिवस असतो आणि तेवढे दिवस नेहमीच्या शोधात दिसत नाही. कोणी चुकून टाकलेला फोटो विसाव्या दिवशी परत काढला, तर त्याला त्याची १५०० ची जागा मोकळी सापडली पाहिजे.